आधी सामन्यांची वही, मग गोष्ट: इंग्लंडमधल्या छोट्या फुटबॉल क्लबचा इतिहास कसा लिहायचा

इंग्लिश फुटबॉलच्या वरच्या चार विभागांत मिळून ९२ क्लब खेळतात. त्यांच्याखालच्या सगळ्यांना तिकडे ‘नॉन-लीग’ म्हणतात. नावावरून वाटतं की हे क्लब कुठल्याच लीगमध्ये नसतील, पण तसं नाही. इथे ‘लीग’ म्हणजे १८८८ साली बारा क्लबांनी सुरू केलेली फुटबॉल लीग, आणि तिच्या बाहेरचे ते नॉन-लीग. त्यांच्याही पायऱ्या ठरलेल्या आहेत. सगळ्यात वर नॅशनल लीग, तिच्याखाली नॅशनल लीग नॉर्थ आणि साउथ, तिसऱ्या पायरीवर नॉर्दर्न प्रीमियर, सदर्न आणि इस्थमियन, आणि त्याखाली लहान लहान भागांपुरत्या लीग. अनेक क्लब दीडशे वर्षांचे आहेत. त्यांचे कागद मात्र कुणा जुन्या चिटणिसाच्या माळ्यावर, स्थानिक वाचनालयातल्या मायक्रोफिल्मवर आणि गावच्या साप्ताहिकाच्या आतल्या पानांवर विखुरलेले असतात. ते गोळा करून खरा इतिहास कसा उभा करायचा, ते इथे सांगितलं आहे. यातलं बरंचसं काम पुण्यात बसूनही होतं. गावी जावं लागतं ते शेवटच्या टप्प्यात.

एक नियम सुरुवातीलाच पक्का करा: गोष्ट लिहायला बसण्याआधी सामन्यांची वही पुरी करायची. तारीख, प्रतिस्पर्धी, मैदान, निकाल. छोट्या क्लबांचे बहुतेक इतिहास फसतात ते इथेच. लेखक आठवणींपासून सुरुवात करतो, आठवणींना तारखा चिकटवतो, आणि मग पुढची पन्नास वर्षं त्या चुका एकमेकांच्या पुस्तकांतून उतरवल्या जातात.

क्लब नेमका कोणता?

हा प्रश्न वाटतो तेवढा सोपा नाही. बर्कशरमधला मेडनहेड युनायटेड घ्या. क्लब स्वतःची स्थापना १८७० ची सांगतो, आणि यॉर्क रोडच्या मैदानावर तो १८७१ पासून खेळतो आहे. पण १८७० साली नाव होतं नुसतं ‘मेडनहेड’. पहिल्या महायुद्धानंतर मेडनहेड नॉर्फोकियन्स हा गावातला दुसरा क्लब त्यात विलीन झाला, थोडा काळ ‘मेडनहेड टाउन’ हे नाव चाललं आणि १९२० मध्ये ‘युनायटेड’ आलं. म्हणजे १९१२ च्या वर्तमानपत्रात ‘मेडनहेड युनायटेड’ शोधलंत तर हाती काही लागणार नाही, आणि नॉर्फोकियन्सचे निकाल या क्लबच्या खात्यात टाकलेत तर वही चुकेल.

म्हणून पहिल्या पानावर वंशावळ काढा: कोणत्या तारखेपासून कोणतं नाव, कोणत्या क्लबशी विलीनीकरण, कोणतं मैदान, कोणती लीग. लीगही बदलत जातात आणि बुडतातही. मेडनहेड १८९४ साली सदर्न लीगच्या स्थापनेत होता. पुढे १९२२ ला स्पार्टन लीग, १९४५ ला कॉरिंथियन लीग, १९६३ ला अथेनियन, १९७३ ला इस्थमियन, २००४ ला कॉन्फरन्स साउथ आणि २०१७ ला नॅशनल लीग. यातली कॉरिंथियन लीग १९६३ मध्येच मिटली. मिटलेल्या लीगचे कागद सांभाळणारं कार्यालय उरत नाही, त्यामुळे त्या वर्षांसाठी सगळी भिस्त वर्तमानपत्रांवर असते. अशी वर्षं वंशावळीत लाल शाईने खुणावून ठेवा, त्यांना दुप्पट वेळ लागतो.

नावाचे सापळे ओळखायला तीन उदाहरणं पुरेत. ॲक्रिंग्टन गावात १८८८ च्या फुटबॉल लीगचा संस्थापक ‘ॲक्रिंग्टन’ हा एक क्लब, १९६२ मध्ये मोसमाच्या मध्यात लीग सोडणारा ‘ॲक्रिंग्टन स्टॅन्ली’ हा दुसरा, आणि १९६८ मध्ये त्याच नावाने उभा राहिलेला आजचा तिसरा. ऑल्डरशॉटचा जुना क्लब मार्च १९९२ मध्ये बंद पडला आणि त्याच वर्षी चाहत्यांनी ऑल्डरशॉट टाउन काढला. कॉरिंथियन-कॅज्युअल्सची स्थापना १९३९ ची, पण ती १८८२ चा कॉरिंथियन आणि १८८३ चा कॅज्युअल्स मिळून झालेली. चाहत्यांच्या मनात हे सगळं एकच असतं आणि भावना म्हणून ते योग्यच आहे. वहीत मात्र प्रत्येक संस्था वेगळी ठेवायची, आणि ‘आम्ही त्यांचे वारस’ हा दावा कोणी, कोणत्या साली केला ते नोंदवायचं. क्रिस्टल पॅलेससारखा मोठा क्लबसुद्धा अनेक दशकं १९०५ ची स्थापना सांगत होता आणि २०२० पासून १८६१ सांगू लागला. दावा बदलला ही स्वतःच इतिहासातली एक घटना आहे.

वही कशी आखायची

एका सामन्याला एक ओळ. रकाने असे ठेवा: मोसम, वर्ष, महिना, दिवस, स्पर्धा आणि फेरी, स्वतःच्या मैदानावर, परक्या की तटस्थ, मैदानाचं नाव, प्रतिस्पर्ध्याचं नाव जसं छापलं आहे तसं, त्याचं आजचं नाव, आपले गोल, त्यांचे गोल, गोल करणारे, अकरा खेळाडू, प्रेक्षक, आधार, म्हणजे वर्तमानपत्र, तारीख आणि पान, आणि शेवटी विश्वासाची श्रेणी. दोन स्वतंत्र आधार जुळले तर ‘अ’, एकच आधार असेल तर ‘ब’, नुसतं ऐकीव असेल तर ‘क’.

तारखेसाठी तीन रकाने आणि गोलांसाठी दोन का? एक्सेलमध्ये तारखा १ जानेवारी १९०० पासून सुरू होतात. १८७१ ची तारीख ते साधा मजकूर म्हणून धरतं, आणि मग क्रम लावताना जुने सामने भलतीकडेच जाऊन बसतात. निकाल ‘३-१’ असा एका चौकोनात टाकलात की एक्सेल त्याची तारीख करून टाकतं. पाचशे ओळी भरून झाल्यावर हे लक्षात आलं तर दुरुस्तीला आठवडा जातो, म्हणून रकाने पहिल्या दिवशीच वेगळे पाडा.

प्रतिस्पर्ध्याची दोन नावं ठेवण्याचं कारणही असंच व्यवहारी आहे. मेडनहेडच्या शेजारचं मार्लो तेव्हा ‘ग्रेट मार्लो’ असंही छापलं जाई. मूळ नाव पुसलंत तर पुन्हा तो अंक शोधणं अवघड, आणि आजचं नाव नसेल तर एकाच संघाविरुद्धचे सामने मोजता येत नाहीत.

वही भरायला एफए कपपासून, म्हणजे इंग्लंडच्या फुटबॉल असोसिएशनच्या बाद पद्धतीच्या स्पर्धेपासून, सुरुवात करा. छोट्या क्लबच्या सगळ्या सामन्यांत यांची नोंद सर्वांत पक्की असते. पहिला एफए कप १८७१-७२ चा, पंधरा संघांचा. त्यातले चार सामने ११ नोव्हेंबर १८७१ ला झाले: मेडनहेडने मार्लोला २-० ने हरवलं, बार्न्सने सिव्हिल सर्व्हिसला २-० ने, क्लॅपम रोव्हर्सने अप्टन पार्कला ३-० ने, आणि क्रिस्टल पॅलेस-हिचिन सामना गोलाविना बरोबरीत सुटला. बरोबरी झाली तरी पॅलेस आणि हिचिन दोघांनाही पुढच्या फेरीत घेतलं गेलं, कारण त्या वेळच्या नियमांत तशी मुभा होती. आजच्या नियमाने विचार केला तर वाटेल एक सामना हरवला आहे, आणि नसलेल्या फेरसामन्याच्या शोधात महिना जाईल. पुढच्या फेरीत, १६ डिसेंबरला, मेडनहेड पॅलेसकडून ०-३ ने हरला. ही पॅलेस म्हणजे १९०५ च्या आधीची, हेही त्याच ओळीत लिहून टाका. एवढ्या दोन ओळी भरल्या की वहीला खुंटा मिळतो: अमुक दिवशी क्लब होता, खेळत होता, जिंकलाही.

अमॅच्युअर कप (१८९३-९४ ते १९७४), एफए ट्रॉफी (१९६९-७० पासून), एफए व्हाज (१९७४-७५ पासून) आणि काउंटीचा सीनियर कप यांचे निकाल त्यानंतर घ्या. लीगचे नंतर. मैत्रीपूर्ण सामने सर्वांत शेवटी, कारण त्यांना अंत नाही. एक अपवाद मात्र आहे: १८९० च्या आधी बहुतेक छोट्या क्लबांना लीगच नसल्याने मैत्रीपूर्ण सामने हाच त्यांचा मोसम होता. तिथे ते गाळता येत नाहीत.

वर्तमानपत्रात शोधायचं कसं

ब्रिटिश न्यूजपेपर आर्काइव्ह ही साइट २०११ पासून चालू आहे. तिथे शोध फुकट करता येतो, बहुतेक पानं उघडायला पैसे पडतात. त्यामुळे आधी फुकटात शोधून तारखांची यादी करा आणि मगच महिन्याची वर्गणी भरून एका दमात पानं उतरवून घ्या. वर्गणी भरून मग ‘बघू काय मिळतं’ म्हणत फिरणं खिशाला परवडत नाही.

शोधताना अडचण येते ती यंत्राने अक्षरं चुकीची वाचल्यामुळे. शंभर वर्षांपूर्वीची बारीक, पुसट छपाई वाचताना यंत्र ‘टी’ला ‘आय’ समजतं, ‘ई’ला ‘सी’. क्लबच्या नावाने शोधून दहातले चार सामने मिळाले तर उरलेले सहा झालेच नाहीत असं समजू नका. प्रतिस्पर्ध्याच्या नावाने शोधा, मैदानाच्या नावाने शोधा, एखाद्या विचित्र आडनावाच्या खेळाडूच्या नावाने शोधा. तरीही नाही मिळालं तर तो अंक तारखेने उघडून क्रीडेचं पान डोळ्यांनी वाचा. शेवटी हाच उपाय सर्वांत भरवशाचा ठरतो. प्रतिस्पर्ध्याच्या गावचं वर्तमानपत्र तर जरूर बघा. आपला संघ हरला की आपलं साप्ताहिक चार ओळींत उरकतं, जिंकणाऱ्या गावात त्याच सामन्याचा अर्धा स्तंभ असतो.

साप्ताहिकाचा वार लक्षात ठेवा. ‘मेडनहेड ॲडव्हर्टायझर’ १८६९ पासून निघतं, म्हणजे क्लबहून जेमतेम एका वर्षाने मोठं. अशा साप्ताहिकात ‘गेल्या शनिवारी’ असं लिहिलेलं असतं, आणि मजकूर उशिरा आला तर तो ‘गेला शनिवार’ प्रत्यक्षात आदल्या आठवड्याचाही असू शकतो. प्रत्येक तारखेचा वार कॅलेंडरवर पडताळा. शनिवार, बँक हॉलिडे, गुड फ्रायडे, ईस्टर सोमवार, बॉक्सिंग डे यांच्याबाहेरचा वार आला तर सावध व्हा. तिथे एक तर चूक आहे किंवा त्या गावात दुकानदारांची अर्धी सुटी बुधवारी किंवा गुरुवारी असे आणि सामना तेव्हा ठेवला होता.

शनिवारी संध्याकाळी निघणारी रंगीत कागदावरची क्रीडापत्रं, जसं शेफील्डचं ‘ग्रीन अन’, वाचताना आणखी काळजी घ्या. सामना संपल्यावर तासाभरात ती रस्त्यावर येत. शेवटच्या दहा मिनिटांतला गोल बातमीत नसून कोपऱ्यातल्या ‘स्टॉप प्रेस’ चौकटीत असतो, किंवा कुठेच नसतो. त्यांच्याकडून मध्यंतराची स्थिती घ्या, अंतिम निकाल सोमवारच्या दैनिकातून किंवा साप्ताहिकातून.

आता संघाची यादी कशी वाचायची ते जवळून पाहू. जुन्या बातमीत अकरा नावं गोलकीपरपासून सुरू होतात, मग दोन बॅक, तीन हाफ-बॅक, पाच फॉरवर्ड, आणि प्रत्येक गटामध्ये अर्धविराम असतो. म्हणजे पाचवं नाव मधल्या हाफ-बॅकचं आणि नववं सेंटर फॉरवर्डचं. अर्धविराम नीट उतरवलेत तर खेळाडूची जागा आपोआप कळते. अधूनमधून ‘ए. एन. अदर’ हा खेळाडू दिसतो. कधी कधी तो सलग तीन मोसम दिसतो आणि नवखे अभ्यासक त्याचे सामने मोजत बसतात. तो माणूसच नाही. ‘आणखी कोणीतरी’ या अर्थाचे इंग्रजी शब्द नावासारखे मांडले आहेत, अकरावा खेळाडू ठरायचा होता म्हणून. आणि ही यादी सामन्याच्या आधीच्या अंकातली असेल तर ती निवडलेल्या संघाची, प्रत्यक्ष खेळलेल्याची नव्हे. सामन्याच्या छापील कार्यक्रमपत्रिकेचंही तेच. उलट त्या पत्रिकेवर कोणी पेन्सिलने एक नाव खोडून दुसरं लिहिलेलं असेल तर ते सोनं समजा. ते लिहिणारा मैदानावर हजर होता.

निकाल जुळत नसतील तेव्हा

मोसमअखेरची गुणतालिका मिळवा आणि तिचीच बेरीज तपासा. सोळा संघ दोनदा भिडले की प्रत्येकाचे ३० सामने, एकूण २४०, आणि विजयाला दोन गुण धरले तर सगळ्यांचे मिळून ४८० गुण. सर्व संघांचे विजय एकूण पराभवांइतके हवेत, केलेले गोल झालेल्या गोलांइतके, आणि बरोबरीची बेरीज सम हवी. इथेच तफावत आली तर तालिकाच चुकीची छापली आहे. ती धरून स्वतःची वही ‘दुरुस्त’ करू नका.

बेरीज चुकण्याची ठरावीक कारणं आहेत. नोंदणी नसलेला खेळाडू खेळवल्याबद्दल कापलेले गुण. मध्येच लीग सोडून गेलेला संघ. त्याचे सगळे निकाल रद्द होतात. पावसाने मोसम रखडला की काही लीग दोन सामन्यांऐवजी एकच सामना चार गुणांसाठी खेळवत, त्यामुळे तालिकेत सामने ३० आणि प्रत्यक्षात २९. गुणांची पद्धतही एका वर्षी सगळीकडे बदललेली नाही. विजयाला तीन गुण फुटबॉल लीगने १९८१ मध्ये आणले, इस्थमियन लीगने १९७३ मध्येच. गोल-सरासरी (केलेले गोल भागिले झालेले गोल) जाऊन गोल-फरक (केलेले वजा झालेले) फुटबॉल लीगमध्ये १९७६ ला आला. आपल्या लीगचं वर्ष वेगळं असेल, ते त्या मोसमाच्या तालिकेवरूनच ताडायचं.

अर्धवट मोसमांना वेगळं पान द्या. ३ सप्टेंबर १९३९ ला युद्ध जाहीर झालं आणि जेमतेम सुरू झालेला मोसम थांबला. मार्च २०२० मध्ये महासाथीमुळे तिसऱ्या पायरीपासून खालचे लीग-निकाल रद्द केले गेले. रद्द म्हणजे अधिकृत आकड्यांतून काढलेले. पण ते सामने झाले होते, कोणीतरी त्यात पहिला गोल केला होता. त्यांची नोंद ठेवा, बेरजेत धरू नका, आणि तसं तळटिपेत स्पष्ट लिहा.

अर्थ लावतानाही काळाचं भान हवं. १९८६-८७ च्या आधी नॉन-लीगमधला विजेता आपोआप फुटबॉल लीगमध्ये जात नसे. वरचे क्लब मतदानाने कोणाला घ्यायचं ते ठरवत. आपोआप बढती मिळवणारा पहिला क्लब स्कारबरो, १९८७ मध्ये. त्याआधीच्या एखाद्या विजेत्याबद्दल ‘वर जायची संधी हुकली’ असं लिहिणं त्या संघावर अन्याय आहे.

फोटोची तारीख ठरवणं

फोटोच्या मागे लिहिलेलं साल बहुतेकदा वीस-तीस वर्षांनी, आठवणीने लिहिलेलं असतं. त्याच्यापेक्षा गोलपोस्टवर विश्वास ठेवा. वर आडवा दांडा नसून फीत असेल तर फोटो बहुधा १८८० च्या दशकाच्या सुरुवातीचा किंवा त्याआधीचा, कारण दांडा १८८२ मध्ये सक्तीचा झाला. जाळी दिसली तर १८९१ किंवा नंतरचा. आज दिसते तशी चौकोनी पेनल्टी एरिया १९०२ पासूनची. त्याआधी मैदानभर आडवी रेघ असे. गोलकीपर इतरांसारख्याच शर्टात असेल तर १९०९ च्या आधीचा, कारण त्या वर्षी त्याला वेगळा रंग सक्तीचा झाला. पेनल्टी एरियाच्या तोंडाशी असलेली कमान १९३७ ची. शर्टवरचे आकडे फुटबॉल लीगने १९३९ मध्ये आणले, छोट्या क्लबांकडे ते आणखी उशिरा पोचले. दोन खुणा एकत्र ठेवल्या की साल पाच-सहा वर्षांच्या पट्ट्यात येतं. मग कप्तानाच्या पायाशी ठेवलेला चेंडू बघा. त्यावर पांढऱ्या रंगाने मोसम लिहायची पद्धत होती.

छायाचित्रं ६०० डीपीआयला, बिनदाबाच्या टिफ स्वरूपात स्कॅन करा, कागदपत्रं ३०० ला. मागची बाजूही स्कॅन करा. मागे काही लिहायचंच असेल तर मऊ पेन्सिलने. पेनची शाई पुढे उमटते, आणि चिकटपट्टी दहा वर्षांत कागद खाऊन टाकते.

माणसं

वहीत ‘जे. स्मिथ’ आहे, तो कोण? इंग्लंडची १९२१ ची जनगणना २०२२ पासून पाहता येते. तिच्यात नाव, वय, पत्ता, धंदा आणि मालकाचं नावही असतं, त्यामुळे एखाद्या कारखान्याचा संघ असेल तर खेळाडू पटापट जुळतात. पुढची १९३१ ची जनगणना १९४२ च्या आगीत जळाली आणि १९४१ ची झालीच नाही. मधली पोकळी भरायला २९ सप्टेंबर १९३९ चं राष्ट्रीय रजिस्टर आहे.

महायुद्धात गेलेल्यांची यादी करताना क्लबच्या स्मृतिफलकावर थांबू नका. कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्ह्ज कमिशनच्या साइटवर प्रत्येक नाव तपासा. पहिल्या महायुद्धातल्या साध्या सैनिकांचे बहुतांश कागद सप्टेंबर १९४० च्या बॉम्बहल्ल्यात जळाले, म्हणून फाइल मिळाली नाही तर नवल मानू नका. अधिकाऱ्यांच्या बऱ्याच फाइली मात्र लंडनच्या क्यू भागातल्या नॅशनल आर्काइव्ह्जमध्ये आहेत. पूर्व लंडनच्या क्लॅप्टन क्लबकडून १९०८-०९ मध्ये खेळलेला वॉल्टर टल पुढे टॉटनमला गेला, फुटबॉलपटूंच्या पलटणीत, म्हणजे फुटबॉल बटालियनमध्ये, भरती झाला, अधिकारी झाला आणि २५ मार्च १९१८ ला मारला गेला. त्याची कबर सापडलेली नाही, नाव फ्रान्समधल्या ॲरास गावच्या युद्धस्मारकावर आहे. क्लबच्या वहीत त्याचा एकच मोसम भरतो, पण त्या एका मोसमापाशी वाचक थांबतो. अशी माणसं आपल्या वहीतही असतात, फक्त त्यांचं आडनाव शेवटपर्यंत शोधावं लागतं.

खेळाडू फौजेतला असेल आणि त्याची पलटण हिंदुस्थानात आली असेल तर मुंबईच्या रोव्हर्स कपच्या बातम्याही चाळा. १८९१ पासूनच्या या स्पर्धेत सुरुवातीची अनेक वर्षं गोऱ्या पलटणींचंच राज्य होतं. आणि लंडनच्या इस्लिंग्टन कॉरिंथियन्ससारखा हौशी क्लब १९३७-३८ च्या जगदौऱ्यात हिंदुस्थानात खेळून गेला. त्याचा इतिहास इंग्लंडमधल्या कागदांवर पुरा होतच नाही, इथली वर्तमानपत्रं लागतात. मराठी अभ्यासकाच्या हाती असलेलं हे काम आहे.

बायकांचे सामने गाळू नका. पहिल्या महायुद्धाच्या काळात आणि नंतर कारखान्यांतल्या मुलींचे धर्मादाय सामने गावोगावच्या मैदानांवर होत. ५ डिसेंबर १९२१ ला फुटबॉल असोसिएशनने संलग्न मैदानांवर त्यांना बंदी केली आणि ती जवळपास पन्नास वर्षं टिकली. १९१७ ते १९२१ च्या क्रीडापानांत आपल्या मैदानाचं नाव टाकून शोधा. क्लबच्या स्वतःच्या इतिवृत्तात हे बहुधा मिळत नाही.

मैदान आणि पैसा

मैदानासाठी नॅशनल लायब्ररी ऑफ स्कॉटलंडच्या साइटवर इंग्लंडचेही जुने ऑर्डनन्स सर्व्हे नकाशे फुकट आहेत आणि आजच्या नकाशावर ठेवून पाहता येतात. मैलाला २५ इंच या प्रमाणाचे घ्या. त्यांत स्टँडचा आयतसुद्धा दिसतो. नकाशावर दोन सालं असतात, मोजणीचं आणि छपाईचं. मैदान ‘होतं’ असं म्हणायचं ते मोजणीच्या सालाला. १९१९ ते १९५३ मधले विमानातून काढलेले फोटो ‘ब्रिटन फ्रॉम अबव्ह’वर आहेत. क्लॅप्टन १८८८ पासून ज्या ओल्ड स्पॉटेड डॉग मैदानावर खेळला ते २०२० मध्ये चाहत्यांच्या क्लॅप्टन सीएफसी या २०१८ च्या क्लबने विकत घेतलं. क्लबचा इतिहास आणि मैदानाचा इतिहास असे फुटू शकतात, म्हणून दोन्हींची टाचणं वेगळी ठेवा.

प्रेक्षकसंख्या छापलेली नसेल तर दाराशी जमलेल्या रकमेवरून काढता येते. १५ फेब्रुवारी १९७१ च्या आधी पौंडाचे २० शिलिंग आणि शिलिंगाचे १२ पेनी होते, आपल्या रुपये-आणे-पैसारखेच. जमा १२ पौंड १० शिलिंग असेल तर ते २५० शिलिंग, म्हणजे ३,००० पेनी. सहा पेनी तिकीट असेल तर ५०० माणसं. हा आकडा खालचा धरायचा, कारण सभासद त्यात नसतात आणि बायकांना अनेक ठिकाणी फुकट प्रवेश असे. उलट बाजूने स्टँडचं जादा तिकीट रक्कम फुगवतं, आणि १९१६ नंतर रकमेत करमणूक कर धरला आहे की नाही तेही पाहावं लागतं. वार्ताहराने डोळ्यांनी मोजलेले ‘दोन हजार’ आणि दाराशी मोजलेले १,१४६ यांना एका रकान्यात टाकू नका.

१९७४ मध्ये हौशी आणि व्यावसायिक हा भेद असोसिएशनने काढून टाकला. त्याआधी हौशी खेळाडूच्या बुटात गुपचूप पैसे ठेवत, त्याला ‘बूट मनी’ म्हणत. जमाखर्चात ‘प्रवासखर्च’ मोसमागणिक वाढत असेल आणि सामने तेवढेच असतील तर नुसता आकडा मांडा. पुरावा नसताना कोणाच्या नावावर पैसे घेतल्याचा ठपका ठेवू नका, त्याची नातवंडं अजून त्याच स्टँडमध्ये बसतात.

आठवणी

जुन्या मंडळींना भेटायचं ते वही पुरी झाल्यावर. ‘कोणत्या साली?’ हा प्रश्न विचारूच नका. कार्यक्रमपत्रिका किंवा संघाचा फोटो हातात द्या आणि ‘डावीकडून तिसरा कोण?’ असं विचारा. माणसाला नाव आठवतं, नावामागून बस आठवते, बसमागून चिखल आणि निकाल. एका बैठकीला पाऊण तास पुरे, नंतर थकवा येतो आणि कथा जुळवल्या जातात. ध्वनिमुद्रणाआधी लेखी संमती घ्या आणि ते कुठे वापरणार हे सांगा. आठवण वहीशी जुळली नाही तर बहुधा दोन सामने एक झालेले असतात: कपातला विजय आणि त्याच संघाविरुद्धचा तीन वर्षांनंतरचा लीग सामना. त्यांना खोटं ठरवू नका. दोन्ही ओळी त्यांच्यापुढे ठेवा, ते स्वतःच वेगळे करतात.

छापताना

मजकुरावरचा हक्क ब्रिटनमध्ये लेखकाच्या मृत्यूनंतर ७० वर्षं टिकतो, फोटोवरचा फोटोग्राफरच्या मृत्यूनंतर तितकाच. क्लबने विकत घेतलेली फोटोची प्रत म्हणजे छापण्याचा हक्क नव्हे. वर्तमानपत्राचं कात्रण जसंच्या तसं छापायला त्या संग्रहाची परवानगी लागते. त्यातली माहिती स्वतःच्या शब्दांत मांडायला लागत नाही. हयात माणसांचे पत्ते, आजार, कौटुंबिक भानगडी वगळा.

पुस्तकाच्या शेवटी वही पूर्ण छापा, श्रेणींसकट. ‘क’ श्रेणीच्या ओळी लपवू नका. पुढचा अभ्यासक नेमका तिथूनच काम सुरू करेल. ब्रिटनमध्ये छापलं तर एक प्रत महिन्याभरात ब्रिटिश लायब्ररीला देणं कायद्याने बंधनकारक आहे. दुसरी काउंटीच्या अभिलेखागारात, तिसरी गावच्या वाचनालयात. वहीची मूळ फाइल साध्या सीएसव्ही स्वरूपात क्लबच्या चिटणिसाकडे आणि क्लबबाहेरच्या आणखी एकाकडे ठेवा, कारण चिटणीस बदलला की लॅपटॉपही जातो.